एसी खातो किती? मुंबईतल्या घरातल्या हीट पंपाचा हिशोब

मे महिन्याचं लाइट बिल आलं की घरोघर चौकशी बसते: एसी कुणी लावला, किती वेळ आणि कितीवर? आरोपी ठरलेला असतो, बहुतेक वेळा घरातलं शेंडेफळ. पण एसी तासाला किती युनिट खातो आणि त्या युनिटला आपण खरोखर किती रुपये मोजतो, हे दोन आकडे चौकशी करणाऱ्यालाही सांगता येत नाहीत. गणित पाचवी-सहावीचं आहे. ते एकदा मांडलं की कुठे हात आखडायचा आणि कुठे उगाच जीव काढायचा नाही, हे आपोआप कळतं.

आधी यंत्राबद्दल थोडं. युरोपात घर उबदार ठेवायला जो ‘हीट पंप’ बसवतात, तो आणि आपला एसी हे एकच यंत्र आहे. तोच कॉम्प्रेसर, तशाच दोन कॉइल, तसाच गॅस. तिकडे तो बाहेरच्या गार हवेतली उष्णता ओढून घरात आणतो, इकडे खोलीतली उष्णता बाहेर फेकतो. दिल्लीकडे ‘हॉट अँड कोल्ड’ एसी खपतात, त्यात गॅसची दिशा उलटी करणारी एक झडप असते. मुंबईत ती वापरायची वेळ येत नाही. दुकानदार ते मॉडेल दोन पैसे जास्त घेऊन गळ्यात मारत असेल तर सरळ नको म्हणा.

हे यंत्र उष्णता किंवा गारवा तयार करत नाही, उष्णतेची नुसती ने-आण करतं. म्हणून एका युनिट विजेत ते तीन ते पाच युनिट उष्णता हलवू शकतं. आपल्या सोसायटीचा पाण्याचा पंप घ्या. खालच्या टाकीतून गच्चीवरच्या टाकीत पाणी चढवायला किती वीज लागेल, हे दोनच गोष्टींवर ठरतं: पाणी किती आणि गच्ची किती उंच. एसीचंही तसंच. खोलीतून किती उष्णता काढायची आहे आणि ती किती ‘उंच’ चढवायची आहे, म्हणजे आतल्या कॉइलच्या आणि बाहेरच्या कॉइलच्या तापमानात किती अंतर आहे. आतली कॉइल साधारण १० अंशांवर असते, बाहेरची ४५ अंशांच्या आसपास. हा ३५ अंशांचा चढ. तुम्ही रिमोटवर २० दाबलं की आतली कॉइल आणखी थंड करावी लागते. बाहेरच्या युनिटला मोकळी हवा मिळाली नाही की बाहेरची कॉइल आणखी तापते. दोन्हीकडून चढ वाढतो आणि कॉम्प्रेसरचा घाम निघतो. पुढचं सगळं या दोन गोष्टींभोवतीच फिरतं.

आता ‘टन’ म्हणजे काय ते सांगून टाकतो, कारण दीड टनाचा एसी दीड टन वजनाचा नाही इतकंच बहुतेकांना माहीत असतं. एक अमेरिकन टन, म्हणजे सुमारे ९०७ किलो बर्फ २४ तासांत वितळताना जितकी उष्णता शोषतो, तितकी शोषण्याची ताकद म्हणजे एक टन. किलोवॅटमध्ये साधारण साडेतीन. एकोणिसाव्या शतकात अमेरिकेतून जहाजांत भरून बर्फ मुंबईच्या बंदरात यायचा, तेव्हाच्या बर्फाच्या धंद्याचं हे माप आजही आपल्या बेडरूमच्या भिंतीवर टांगलेलं आहे.

तर किती युनिट जातात? सगळ्यात सोपी जागा म्हणजे एसीवरचं ताऱ्यांचं लेबल. त्यावर वर्षाचा वीजवापर युनिटमध्ये लिहिलेला असतो, आणि तो १६०० तासांसाठीचा असतो. समजा तिथे ७५० लिहिलंय. ७५० भागिले १६००, म्हणजे तासाला सरासरी ०.४७ युनिट. रात्री ९ तास, महिनाभर लावला तर २७० तास आणि सुमारे १२७ युनिट. झाला पहिला अंदाज.

पण हा अंदाज कंपनीच्या सोयीचा आहे, आपल्या नाही. लेबलसाठीची चाचणी आतलं तापमान २७ अंश आणि आर्द्रता पन्नास टक्क्यांच्या आत धरून होते. आपण २२ वर लावून पांघरूण घेतो, आणि मे-जूनमध्ये मुंबईची हवा पन्नास टक्क्यांवर फार क्वचित उतरते. म्हणून ऑफिसातल्या कुणी ‘माझा फाइव्ह स्टार असून इतकं बिल कसं?’ असं विचारलं, तर उत्तर लेबलात शोधू नये.

खरा आकडा मीटर सांगतो. तळमजल्यावर मीटर रूममध्ये जा (वॉचमनला आधी सांगा, नाहीतर तो मागे येऊन उभा राहतो). इलेक्ट्रॉनिक मीटरवर एक छोटा लाल दिवा लुकलुकत असतो. एका युनिटला तो किती वेळा लुकलुकतो, हे मीटरच्या पाटीवरच छापलेलं असतं, बऱ्याचदा १६०० किंवा ३२००. समजा ३२०० आहे. मोबाइलचं स्टॉपवॉच लावा आणि दहा लुकलुकी मोजा. दहाला १२ सेकंद लागले, तर एका तासात ३००० होतील. ३००० भागिले ३२०० म्हणजे घर त्या क्षणी तासाला ०.९४ युनिटच्या वेगाने वीज घेतंय. घरच्यांना फोन करून एसी बंद करायला सांगा, एखादं मिनिट थांबा आणि परत मोजा. दोन्हींतला फरक म्हणजे तुमचा एसी. मात्र इन्व्हर्टर एसी सुरुवातीला जोरात चालतो आणि खोली गार झाली की मंदावतो. त्यामुळे हे मोजमाप लावल्या लावल्या करू नका, तासाभराने करा. रात्रभराचा आकडा हवा असेल तर झोपताना आणि उठल्यावर मीटरचं रीडिंग टिपा, आणि एसी न लावलेल्या एखाद्या रात्रीचं रीडिंग त्यातून वजा करा. फ्रिज, पंखे, वायफाय सगळं आपोआप कटतं. स्मार्ट मीटर बसला असेल तर वीज कंपनीच्या अ‍ॅपवरही वापर बघता येतो, खाली उतरायला नको.

युनिट कळले. आता रुपये, आणि नेमका इथेच बहुतेकांचा हिशोब चुकतो.

कुलाब्यापासून माहीम-सायनपर्यंत बेस्ट, उपनगरांत अदानी किंवा टाटा, भांडुप-मुलुंडला महावितरण. कंपनी कुठलीही असली तरी दर वीज नियामक आयोग ठरवतो आणि घरगुती ग्राहकांचे टप्पे सारखेच: १ ते १००, १०१ ते ३००, ३०१ ते ५०० आणि त्यापुढे. वरच्या टप्प्यातलं युनिट महाग. बिलावर वीज आकार, वहन आकार, इंधन समायोजन आकार वेगवेगळे दाखवतात, स्थिर आकार असतो आणि वर १६ टक्के वीज शुल्क. बरेच जण काय करतात, एकूण बिलाला एकूण युनिटने भागतात आणि ‘आपल्याला युनिट आठ रुपयांना पडतं’ म्हणतात. घरासाठी ते खरं आहे, एसीसाठी नाही. फ्रिज, दिवे, पंखे, वॉशिंग मशीन हे बारमाही मेंबर. खालचे स्वस्त टप्पे त्यांनी आधीच भरून टाकलेले असतात. एसी उन्हाळ्यात येणारा पाहुणा, त्याची सगळी युनिटं वरच्या टप्प्यात जाऊन बसतात.

आकडे घालून बघू. दर निव्वळ हिशोबापुरते, सगळे आकार धरून पहिल्या टप्प्याला ६, दुसऱ्याला १० आणि तिसऱ्याला १४ रुपये समजा. खरे दर तुमच्या बिलामागे असतात, ते घाला. जानेवारीत एसी नाही, २२० युनिट: १०० गुणिले ६ अधिक १२० गुणिले १०, म्हणजे १८०० रुपये. सरासरी युनिटला ८ रुपये १८ पैसे. मेमध्ये ४१० युनिट: ६०० अधिक २००० अधिक ११० गुणिले १४, म्हणजे ४१४० रुपये. वाढलेल्या १९० युनिटांचे २३४० रुपये झाले, युनिटला बारा रुपयांच्या वर. सरासरीने काढलं असतं तर हाच एसी साडेपंधराशेचा वाटला असता. याची दुसरी बाजू आपल्या फायद्याची: बचत करायला लागलात की आधी वाचतात ती सगळ्यात महागडी युनिटं. मेमध्ये वाचवलेलं पहिलं युनिट ६ रुपयांचं नसतं, १४ रुपयांचं असतं. रात्री एक युनिट कमी गेलं तर महिन्याला चारशे रुपये सुटले.

मग कमी करायचं कुठे? मुंबईत याचं उत्तर हवेतल्या पाण्यापासून सुरू होतं, तापमानापासून नाही.

नागपूरची उन्हाळी हवा तापलेली पण कोरडी. आपली हवा जेमतेम ३०-३२ अंश, पण ओलीचिंब. ३० अंश आणि ७५ टक्के आर्द्रता असलेल्या एक किलो हवेत सुमारे २० ग्रॅम पाण्याची वाफ असते. तीच हवा २५ अंश आणि ५५ टक्क्यांवर आणायची तर त्यातली जवळपास ९ ग्रॅम वाफ काढावी लागते. पाच अंश गार करायला जितकी उष्णता काढावी लागते, त्याच्या चौपट ही वाफ पाणी करून काढायला लागते. म्हणजे बाहेरून खोलीत शिरणाऱ्या हवेवर जो खर्च होतो, त्यातले पाचापैकी चार भाग गार करण्याचे नाहीतच, कोरडं करण्याचे आहेत.

हे डोळ्यांनी बघता येतं. एसीच्या ड्रेन पाइपाखाली रात्री बाल्दी ठेवा. जूनच्या पहिल्या आठवड्यात, पाऊस तोंडावर आलेला असताना, आमच्याकडे सकाळी दहा लिटरच्या पुढे पाणी असतं. एक लिटर वाफेचं पाणी करायचं तर सुमारे ०.६८ युनिट इतकी उष्णता बाहेर फेकावी लागते. एसी एका युनिटात साडेतीन युनिट हलवतो असं धरलं, तर दहा लिटर पाण्यामागे जवळजवळ दोन युनिट वीज गेली. (पाणी फेकू नका, लादी पुसायला उत्तम. पिऊ मात्र नका.)

ही वाफ येते कुठून? थोडी माणसांच्या श्वासातून आणि घामातून, बाकी सगळी फटींतून. सरकत्या खिडक्यांच्या कडा, दाराखालची मोकळी जागा, जुन्या विंडो एसीच्या भोकात कोंबलेला थर्माकोल. आणि सगळ्यात मोठा चोर म्हणजे बेडरूमला लागून असलेल्या बाथरूमचा एक्झॉस्ट फॅन. आंघोळ झाली, फॅन तसाच चालू राहिला आणि मधलं दार अर्धवट उघडं. असा साधा फॅन तासाला २०० घनमीटर हवा बाहेर ओढत असेल, तर तेवढीच दमट हवा कुठून तरी आत येणार. तिला गार आणि कोरडं करायला जवळपास अर्धा टन ताकद लागते. म्हणजे दीड टनातला एक तृतीयांश एसी नुसता त्या फॅनशी भांडत बसतो. विजेत हा तासाला सुमारे अर्धा युनिट. त्यामानाने पावसाळ्यात एसीच्या खोलीत कपडे वाळत घालायचं पाप किरकोळ आहे: कपड्यांतलं दोन-तीन लिटर पाणी, एकूण अर्धा युनिट, आणि कपड्यांना कुबट वासही येत नाही.

दाराला खाली ब्रश लावा, खिडकीला फोमची पट्टी लावा. शंभर-दोनशे रुपयांचं काम आहे. चार माणसं दार बंद करून झोपली असतील तर झोपण्यापूर्वी एकदा खोली मोकळी करून घ्या, पूर्ण हवाबंद कोठडी करायची नाही.

जुलै-ऑगस्टमध्ये बाहेर २७-२८ अंशच असतात, त्रास फक्त दमटपणाचा. तेव्हा रिमोटवरचा ‘ड्राय’ मोड लावून बघा. त्यात पंखा मंद होतो आणि कॉइल थंड राहते, त्यामुळे गारवा बेताचा आणि पाणी जास्त निघतं. मेमध्ये मात्र तो तोकडा पडतो.

आता रिमोटवरचा आकडा. ऊर्जा कार्यक्षमता ब्युरोच्या म्हणण्यानुसार सेटिंग एक अंशाने वाढवलं की साधारण ६ टक्के वीज वाचते. १ जानेवारी २०२० पासून तारे असलेले नवे रूम एसी चालू केल्यावर २४ वर येतात, ते याचसाठी. २२ वरून २६ वर गेलात तर जवळपास पाव भाग वाचला. पण २६ वर बाबांना उकडतं, आईला थंडी वाजते, हा प्रश्न कुठल्याच ब्युरोकडून सुटलेला नाही. त्यावर तोडगा छताचा पंखा. अंगावर वारा लागला की दोन-तीन अंश जास्त असलेली खोलीही तितकीच सुखाची वाटते. जुना पंखा ७५ वॅट घेतो, नवा बीएलडीसी (कमी वीज खाणाऱ्या मोटरचा) ३० च्या आसपास, म्हणजे रात्रभर धावून पाव ते पाऊण युनिट. ‘एसी चालू असताना पंखा कशाला?’ हा प्रश्न ज्या घरात विचारला जातो, तिथे बिल जास्तच येणार.

१८ वर ठेवल्याने खोली लवकर गार होत नाही, हेही सांगून टाकतो. साध्या एसीचा कॉम्प्रेसर एकाच वेगाने चालतो, १८ असो की २५. फरक इतकाच की १८ वर तो थांबायचं नाव घेत नाही. इन्व्हर्टरला थोडा जोर चढतो, पण मग उरलेली रात्र तो अवघड चढ चढत बसतो. आणि बंद-चालू केल्याने जास्त वीज जाते, म्हणून दोन तास बाहेर जाताना एसी चालूच ठेवायचा, यात काही अर्थ नाही. खोली जितका वेळ गार ठेवाल तितका वेळ भिंती आणि फटी बाहेरून उष्णता आत घेत राहणार. पहाटे चार-पाचला टायमरने बंद केला तर उठेपर्यंत खोली फारशी तापत नाही.

बाहेरच्या युनिटकडे कुणी बघतच नाही, कारण ते दिसत नाही. नव्या टॉवरमध्ये ते डक्टमध्ये एकावर एक रचलेलं असतं. खालच्या मजल्याची गरम हवा वरच्याच्या तोंडात. पुढे बिल्डरने शोभेची जाळी ठोकलेली. आपलीच फेकलेली गरम हवा आपलंच युनिट परत ओढत राहतं. ढोबळ हिशोब असा की बाहेरच्या कॉइलचं तापमान एक अंशाने वाढलं की दोन-तीन टक्के वीज जास्त लागते. डक्टमध्ये कोंडून ते सात-आठ अंशांनी वाढलं तर रिमोटवर केलेली काटकसर सगळी तिथेच गेली. नवीन घरात एसी बसवताना युनिटचं तोंड मोकळ्या हवेकडे राहील एवढा एक हट्ट जरूर धरा. शेजारी रिडेव्हलपमेंट चालू असेल तर सिमेंटची धूळ कॉइलवर थर धरते. वरळी-वर्सोव्याला समुद्राकडे तोंड असेल तर खारी हवा पात्या खाऊन टाकते. तिथे वर्षातून दोनदा बाहेरचं युनिट पाण्याने धुवून घ्या. आतली जाळी मात्र आपणच दर पंधरवड्याला नळाखाली धरायची, त्याला मेकॅनिक लागत नाही.

मेकॅनिकवरून आठवलं. ‘गॅस कमी झालाय, भरावा लागेल’ हे वाक्य दर एप्रिलला ऐकू येत असेल तर सावध व्हा. एसीतला गॅस पेट्रोलसारखा खर्च होत नाही, बंद नळ्यांत फिरत राहतो. तो खरंच कमी झाला असेल तर गळती आहे. आधी गळती शोधून बंद करायची, मग गॅस. नुसतं टॉपअप म्हणजे पुढच्या एप्रिलची अपॉइंटमेंट.

वरच्या मजल्यावर राहणाऱ्यांचं दुखणं वेगळं. दिवसभर तापलेला स्लॅब रात्री दोनपर्यंत उष्णता सोडत राहतो. गच्चीवर चायना मोझॅक किंवा पांढरा परावर्तक रंग असेल तर फरक जाणवतो. पावसाची शेड टाकली असेल तर ती सावलीही देते. पण हे सोसायटीच्या मीटिंगमध्ये मंजूर करून घ्यावं लागतं, आणि त्या विषयाचा अंदाजपत्रकी खर्च कुठल्याही सूत्राने काढता येत नाही. पश्चिमेच्या खिडकीला बाहेरून पडदा किंवा चिक लावणं आपल्या हातात आहे. आतल्या पडद्यापर्यंत ऊन पोचलं म्हणजे ते घरात आलेलंच असतं.

गरम पाण्याचा हीट पंप हा प्रकारही आता मिळतो. तो बाहेरच्या हवेतली उष्णता पाण्यात सोडतो, आणि मुंबईची उबदार, दमट हवा त्याला फार मानवते. एका युनिटात साडेतीन युनिटची उष्णता सहज. पण बाल्दीने आंघोळ करणाऱ्या घरात त्याला काम कुठे आहे? १६ लिटर पाणी २६ वरून ४० अंशांवर न्यायला पाव युनिटच्या किंचित वर लागतं. चौघांचं मिळून दिवसाला एक युनिट, महिन्याला तीस-पस्तीस. त्यातली पंचवीस वाचली तरी रुपये अडीच-तीनशे, आणि यंत्राची किंमत लाखाच्या घरात. साध्या गिझरचं बटण आंघोळीच्या पंधरा मिनिटं आधी लावणं आणि नंतर आठवणीने बंद करणं, एवढ्यात काम भागतं. जिम, हॉस्टेल, नर्सिंग होम, स्विमिंग पूल अशा ठिकाणी हाच पंप पैसे लवकर वसूल करून देतो. पाइपचा गॅस असेल तर तुलना करताना एक घनमीटर म्हणजे साधारण दहा युनिट उष्णता धरा, त्यातली आठेक पाण्यात उतरते. पन्नास रुपये घनमीटर असेल तर उष्णतेचं युनिट सहा रुपयांच्या आसपास पडतं, विजेच्या गिझरपेक्षा स्वस्त. पण गॅस गिझर बंद बाथरूमच्या आत कधीही नको. त्यातून कार्बन मोनॉक्साइड जमून माणसं दगावली आहेत. बसवायचाच तर बाहेर मोकळ्या हवेत.

लंडन-म्युनिकच्या भाचे-पुतण्यांनी हीट पंपाच्या बिलाबद्दल विचारलं तर त्यांनाही चढाचाच हिशोब सांगा. बाहेर शून्य अंश आणि रेडिएटरमध्ये ५५ अंशांचं पाणी हा चढ मोठा. जमिनीखालच्या नळ्यांत ३५ अंशांचं पाणी फिरवलं तर तेच घर कितीतरी कमी विजेत उबदार राहतं. आणि तिथे विजेचा दर गॅसच्या तिप्पट असेल तर, बॉयलरमध्येही थोडी उष्णता वाया जाते हे धरून, पंपाने एका युनिटात निदान पावणेतीन युनिट तरी आणले पाहिजेत, तरच गॅसच्या बॉयलरशी बरोबरी.

राहता राहिला नवीन एसी घेतानाचा प्रश्न, थ्री स्टार की फाइव्ह स्टार. दोन्ही लेबलांवरचे वर्षाचे युनिट शेजारी शेजारी लिहा. समजा ९५० आणि ७५०. फरक २०० युनिट, पण १६०० तासांमागे. तुमच्याकडे मार्च ते जून आणि पुन्हा ऑक्टोबर, रात्री नऊ तास एसी चालत असेल तर तास होतात साधारण १३५०, आणि फरक १७० युनिट. वरच्या टप्प्याच्या १४ रुपयांनी वर्षाला चोवीसशेच्या आसपास. किमतीत नऊ हजारांचा फरक असेल तर चौथ्या वर्षी वसूल. बेडरूमसाठी फाइव्ह स्टार घ्या. हॉलमधला जो फक्त पाहुणे आले की लागतो, त्याला थ्री स्टार पुष्कळ झाला.